करबुडेच्या बोगद्यात ब्रेक कोणी लावायचा?

कोकण रेल्वेवर उक्षी आणि भोके या स्टेशनांच्या मध्ये करबुडेचा बोगदा लागतो. लांबी साडेसहा किलोमीटर. ताशी १०० च्या वेगाने गाडी तो चार मिनिटांत पार करते.

समजा, गाडी मधोमध असताना एसी डब्यातल्या सेन्सरला धूर लागला. एलएचबी म्हणजे नव्या धाटणीच्या एसी डब्यांतली यंत्रणा आधी भोंगा वाजवते, मग ब्रेक पाइपमधली हवा सोडते. चौरस सेंटिमीटरला पाच किलोचा दाब उतरला की ब्रेक लागतात आणि गाडी उभी. कारण टॉयलेटात ओढलेली विडी असो की खरी आग. हवा सुटलेल्या डब्यापर्यंत जाऊन हवेचा कॉक, म्हणजे तोटी, बंद केल्याशिवाय ती हलत नाही. उतरायचं ठरवलं तर तोंडापर्यंत सव्वातीन किलोमीटर, अंधारात, खडीवरून. कडेवर पोर असलेल्या बाईला तासभर सहज लागेल, आणि धूर तिच्या आधी पोचेल.

‘शंका आली की थांब’ हा रेल्वेचा जुना नियम. पावसाळ्यात रुळावर दरड आली तर तोच बरोबर. बोगद्यातल्या आगीत मात्र तोच माणसं मारतो. जपानच्या होकुरिकु बोगद्यात १९६९ साली गाडीला आग लागली, तेव्हा कर्मचाऱ्यांनी नियम मोडून ती बाहेर काढली आणि मग विझवली. त्यांच्यावर कारवाई झाली. १९७२ साली त्याच बोगद्यात दुसरी गाडी नियमाप्रमाणे थांबवली. ३० माणसं गेली. त्यानंतर नियम बदलला.

१९६९ च्या त्या माणसांना नियम मोडता आला. सेन्सरला येत नाही. त्याला धूर कळतो, बोगदा कळत नाही.

म्हणून मला वाटतं, बोगद्यात यंत्राने फक्त लोको पायलटला खबर द्यावी, ब्रेक लावू नये. गाडी कुठे आहे हे कळणं अवघड नाही. गाड्यांची टक्कर टाळणारी कवच प्रणाली रुळांमधल्या आरएफआयडी टॅगवरून, म्हणजे रेडिओने वाचता येणाऱ्या खुणांवरून, तेच ओळखते. अडचण दुसरीच आहे. खोटे अलार्म वारंवार वाजले की माणूस खराही दुर्लक्षितो. त्यामुळे कोणत्या डब्यात आणि किती सेन्सरना धूर लागला, हे केबिनमध्ये दिसलंच पाहिजे.

आणि एक हिशेब टाळता येत नाही. गाडी पळत राहिली तर जळत्या डब्यातले ७२ प्रवासी आणखी दोन मिनिटं त्या धुरात राहतात. बाकीच्या हजारभरांसाठी. हा निर्णय प्रोग्रामच्या एका ओळीत गपचूप बसता कामा नये. तो कागदावर यावा, खाली इंजिनिअरची नावानिशी सही असावी आणि त्याची प्रत गाडी चालवणाऱ्याच्या हातात असावी.