मालदीवची मदत नेमकी कुणी कापली?

तुम्ही विचारलंत म्हणून. अर्थसंकल्प आला की आठवडाभरात हा प्रश्न येतोच, शब्द तेवढे बदलतात: पंतप्रधान किंवा परराष्ट्रमंत्री परदेशात जाऊन इतके कोटी जाहीर करतात, ते पैसे मंजूर कोण करतं? संसदेला कुणी विचारतं की नाही?

विचारतं. पण घोषणेआधी नाही, आणि देशागणिक तर मुळीच नाही. सगळा घोळ या दोन गोष्टींत आहे.

करार करणं आणि मदतीचा शब्द देणं हा आपल्याकडे सरकारचा अधिकार आहे. त्यासाठी आधी संसदेची मंजुरी लागत नाही. जमीन द्यायची-घ्यायची असेल तर गोष्ट वेगळी. बांगलादेशाशी सीमा करारासाठी २०१५ मध्ये शंभरावी घटनादुरुस्ती करावी लागली. पैशाचं मात्र तसं नाही. संचित निधीतून, म्हणजे सरकारच्या मुख्य तिजोरीतून, एक रुपयाही कायद्याशिवाय निघत नाही, हे राज्यघटनेचं कलम २६६. म्हणून शब्द सरकार देतं आणि तिजोरीची किल्ली लोकसभेकडे राहते. ती किल्ली किती जोरात फिरते, ते पुढे बघू.

प्रत्येक मंत्रालय वर्षभराचा खर्च संसदेकडे मागतं, त्याला अनुदानाची मागणी म्हणतात. परराष्ट्र मंत्रालयाची ही मागणी २०२५-२६ मध्ये २९ क्रमांकाची होती, सुमारे २०,५१७ कोटींची. लोकसभा मत देते ते या मागणीवर, म्हणजे तिच्यातल्या दोन रकमांवर: महसुली (पगार, अनुदान असा चालू खर्च) किती आणि भांडवली (बांधकाम, दिलेली कर्जं) किती. भूतानला अमुक, नेपाळला तमुक ही यादी अर्थसंकल्पाच्या खर्चाच्या खंडात मागणीखाली छापलेली असते, पण त्या यादीतल्या ओळींवर वेगवेगळं मतदान होत नाही. एका देशाच्या ओळीतला वाचलेला पैसा वित्त मंत्रालयाच्या नियमांत राहून दुसरीकडे वळवता येतो. त्याला पुनर्विनियोजन म्हणतात. महसुलीतून भांडवलीत किंवा दत्तमत (मतदानाने मंजूर होणाऱ्या) खर्चातून भारित (मतदान न लागणाऱ्या) खर्चात मात्र उडी मारता येत नाही.

आता मालदीव. जुलै २०२४ च्या अर्थसंकल्पात त्याच्या नावासमोर ४०० कोटी दिसले आणि 'भारताने मदत कापली' अशा बातम्या झाल्या. तुलना होती आधीच्या वर्षीच्या सुमारे ७७१ कोटींशी. पण ते ७७१ हा २०२३-२४ चा सुधारित अंदाज होता, म्हणजे वर्ष सरत आल्यावर नव्याने मांडलेला आकडा. त्याच वर्षाचा मूळ अंदाज, वर्षाच्या सुरुवातीला मांडलेला, ४०० कोटीच होता! म्हणजे मूळ अंदाज मूळ अंदाजाशी लावला तर काहीच बदललं नव्हतं. पुढे २०२४-२५ चा सुधारित आकडा ४७० झाला आणि २०२५-२६ साठी ६०० ठेवले गेले. राजकीय संबंध तेव्हा ताणलेले होते, हे खरंच. पण संसदेने कात्री लावली, असं म्हणायला कागदावर आधार नाही. मूळ अंदाजाशी सुधारित अंदाज लावणं ही या विषयातली सगळ्यात जुनी चूक आहे आणि दरवर्षी ती नव्याने होते.

यादी वाचताना लेखाशीर्षं, म्हणजे खर्चाच्या प्रकाराचे सांकेतिक क्रमांक, बघायची सवय लावा. ३६०५ म्हणजे इतर देशांना तांत्रिक व आर्थिक सहकार्य. हे अनुदान, परत न येणारं. ७६०५ म्हणजे परदेशी सरकारांना दिलेलं कर्ज. भूतान दोन्हीकडे दिसतो, कारण तिथल्या जलविद्युत प्रकल्पांना आपण काही भाग अनुदान आणि काही भाग कर्ज असा पैसा देतो. तिथल्या मांगदेछू जलविद्युत प्रकल्पात ३० टक्के अनुदान आणि ७० टक्के कर्ज होतं. एकच शीर्ष पाहून 'भूतानला एवढेच?' म्हणाल तर फसाल. आणि मार्च २०२४ मध्ये भूतानला पाच वर्षांसाठी जाहीर झालेले १०,००० कोटी हे कुठल्याही एका मतदानात मंजूर झालेले नाहीत. मंजुरी एका वर्षापुरती असते. दरवर्षी नव्याने मागायचं, ३१ मार्चला उरलेलं सोडायचं.

घोषणेतला मोठा हिस्सा तर या मागणीत कधी येतच नाही. २०१५ च्या भूकंपानंतर भारताने नेपाळला १०० कोटी डॉलर जाहीर केले. त्यातले २५ कोटी अनुदान होतं आणि ७५ कोटी सवलतीचं कर्ज. असं कर्ज एक्झिम बँक (सरकारी मालकीची आयात-निर्यात बँक) बाजारातून पैसा उभा करून देते. सरकार व्याजातला फरक भरून देतं, आणि ती भरपाई अर्थ मंत्रालयाच्या मागणीत बसते. २०२२ मध्ये श्रीलंकेला मिळालेली मदत सुमारे ४०० कोटी डॉलरची म्हणतात. तिच्यात इंधनासाठी एक्झिम बँकेचे ५० कोटी, अन्न-औषधांसाठी स्टेट बँकेचे १०० कोटी आणि रिझर्व्ह बँकेची चलन अदलाबदल (ठरावीक मुदतीसाठी दिलेलं परकीय चलन) असे तुकडे होते. परराष्ट्र मंत्रालयाचं पान उलटून यातलं फारसं हाती लागत नाही.

मंजुरीची वाट अशी. शरदात मंत्रालय आणि वित्त मंत्रालय यांच्यात खर्चावर घासाघीस होते. खरा आकडा तिथेच ठरतो. १ फेब्रुवारीला अर्थसंकल्प. मग मधल्या सुट्टीत परराष्ट्र व्यवहारविषयक स्थायी समिती, म्हणजे खासदारांची कायमची समिती, मागणी तपासते: ३१ सदस्य, लोकसभेचे २१ आणि राज्यसभेचे १०. बंद दाराआड परराष्ट्र सचिवांना उत्तरं द्यावी लागतात. माझ्या मते संसदेचं या विषयातलं खरं काम इथेच होतं. मंत्रालयाचा वाटा एकूण अर्थसंकल्पाच्या किमान १ टक्का असावा, असं समितीने सुचवलेलं आहे. २०२४-२५ मध्ये तो अर्ध्या टक्क्याच्याही खाली होता. समिती रक्कम कमी-जास्त करू शकत नाही, कपातीचं नावही काढू शकत नाही. निवडणुकीच्या वर्षी तर ही पायरीच गळते. २०२४ मध्ये अर्थसंकल्प ऑगस्टमध्ये मंजूर झाला आणि समित्या बनल्या सप्टेंबरच्या अखेरीला.

मग सभागृह. मागणीची रक्कम कमी करा असं सुचवणाऱ्या कपात सूचना तीन तऱ्हेच्या: धोरण नापसंत म्हणून मागणी एक रुपयावर आणा, काटकसर म्हणून ठरावीक रक्कम कमी करा, किंवा एखादं गाऱ्हाणं मांडायला शंभर रुपये कापा. यातली एखादीही मंजूर झाली तर तो सरकारवरचा अविश्वासच ठरतो. म्हणून त्या मांडल्या जातात आणि पडतात. बहुतेक मागण्यांची तर पाळीच येत नाही. शेवटच्या दिवशी 'गिलोटिन' पडतं, म्हणजे चर्चा थांबवून उरलेल्या सगळ्या एकगठ्ठा मंजूर होतात. २०१८ आणि २०२३ मध्ये एकाही मंत्रालयाच्या मागणीवर चर्चा झाली नाही. मागोमाग विनियोजन विधेयक, म्हणजे मंजूर रकमा तिजोरीतून काढायची परवानगी देणारा कायदा. राज्यसभा ते १४ दिवसांत परत पाठवते, अडवू शकत नाही. गंमत बघा: सध्याचे परराष्ट्रमंत्री जयशंकर राज्यसभेचे सदस्य आहेत. लोकसभेत ते बोलू शकतात, पण स्वतःच्या मंत्रालयाच्या मागणीवर मत देऊ शकत नाहीत.

अमेरिकेची पद्धत बरी, असं काहीजण सुचवतात. तिथे धोरणाला अधिकार देणारा कायदा वेगळा आणि पैसा देणारा वेगळा. पण परराष्ट्र खात्यासाठीचा पहिल्या प्रकारचा सर्वंकष कायदा २००२ नंतर वर्षानुवर्षं झालाच नाही. पैशाच्या कायद्यातच 'ती अट या वर्षी लागू नाही' असं कलम घालून गाडी हाकली. अलीकडे तो संरक्षण विधेयकाला जोडून जातो.

मंजुरीनंतरही पैसा खर्च होईलच असं नाही. अफगाणिस्तानसाठी २०२४-२५ मध्ये २०० कोटी ठेवले होते, सुधारित अंदाजात ५० उरले. परक्या देशातलं काम तिथल्या परवानग्यांवर आणि शांततेवर चालतं, आपल्या आर्थिक वर्षावर नाही. शेवटच्या तिमाहीत ३३ टक्के आणि एकट्या मार्चमध्ये १५ टक्क्यांहून जास्त खर्च करू नये, असाही वित्त मंत्रालयाचा दंडक आहे. त्यात दूतावासांचे पगार आणि भाडी परकीय चलनात. डॉलर ८३ वरून ८६ वर गेला की १० कोटी डॉलरच्या खर्चाला ३० कोटी रुपये जास्त लागतात. काम तेवढंच, बिल मोठं.

कमी पडलं तर पुरवणी मागण्या. नागपूरच्या हिवाळी अधिवेशनामुळे हा शब्द तुमच्या कानावरून गेलेला असेलच. दिल्लीतल्या यादीत कधी एखाद्या कामासमोर फक्त एक लाख रुपये दिसतात. ती छपाईची चूक नसते. काम नवं आहे, पैसा मंत्रालयाकडे दुसऱ्या बचतीतून आहे, पण नव्या बाबीला संसदेची संमती हवी, म्हणून तेवढी सांकेतिक रक्कम मागितलेली असते.