आमची वाटचाल : तीन थर आणि वीस मिनिटं

म्हापशात आमचं युनिट आहे. युनिट म्हणजे घरामागची पडवी बंद करून केलेलं किचन, त्यात दोन डीप फ्रीजर, एक उभा चिलर, स्टीलचं लांब टेबल आणि भिंतीवर एक मोठं घड्याळ, आणि त्या घड्याळाकडे दिवसभर आमचं लक्ष असतं कारण आमचा सगळा धंदा एकेक थर धरायच्या वीस-वीस मिनिटांवर उभा राहिला. आम्ही पार्ट्यांसाठी रंगीत थरांचे जेली शॉट करतो, म्हणजे छोट्या कपातली एका घासात खायची जेली, दारूचे पण आणि बिनदारूचे पण. लोक सारखे विचारतात की हे सुचलं कसं, शिकलात कुठे, म्हणून म्हटलं एकदा बसून सगळं नीट लिहून काढू.

मी मूळची सावंतवाडीची. लग्नाआधी आणि नंतरही मिळून आठ वर्षं उत्तर गोव्यातल्या एका हॉटेलात पेस्ट्री सेक्शनला होते. थर्टीफर्स्टला आमच्याकडे जेली शॉटचे ट्रेच्या ट्रे लागायचे आणि ते काम कोणालाच नको असायचं, कारण केक एकदा ओव्हनमध्ये टाकला की तासभर सुटका असते, इथे मात्र एक थर ओता, थांबा, बोट लावून बघा, दुसरा ओता, परत थांबा. मला ते आवडायचं. कपात लाल, पांढरा, निळा असे सरळ रेषेत थर दिसले की इतकं बरं वाटायचं की विचारू नका.

ही पद्धत अमेरिकेची, हे सगळ्यांना माहितीय, पण किती जुनी आहे ते वाचून मला नवल वाटलं होतं. जेरी थॉमस नावाच्या प्रसिद्ध बारटेंडरने १८६२ सालीच दारूच्या पंचची जेली कशी करायची ते लिहून ठेवलंय, म्हणजे पाकिटातली जेल-ओ १८९७ मध्ये आली त्याच्याही आधी. आणि त्याने तिथेच बजावून ठेवलंय की हे बेतानेच खा, कारण दारू जेलीत अशी लपते की लोक भरपूर खाऊन बसतात आणि मग नाचायला उभं राहता येत नाही. हे मी मुद्दाम सांगतेय, कारण आमच्या धंद्यातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच आहे, पुढे येईलच ते.

२०१८ च्या गणपतीनंतर नोकरी सोडली. मुलगी तीन वर्षांची होती, रात्री दोन-दोन वाजता घरी येणं जमेना. ह्यांचा टेम्पो होताच, माल पोचवायचा प्रश्न नव्हता. एफएसएसएआयचं, म्हणजे खाद्यपदार्थ विकायला लागतं ते सरकारी रजिस्ट्रेशन केलं, सासूबाईंनी स्वतःच्या भिशीचे पैसे काढून पहिला डीप फ्रीजर घेऊन दिला. त्या दारूला हात लावत नाहीत, पण जेली जमली की नाही हे आजही आमच्याकडे त्यांच्याच बोटाने ठरतं. थरावर हलकं बोट ठेवायचं, बोटाला चिकटल्यासारखं वाटलं पाहिजे पण खूण उठता कामा नये, तेव्हाच पुढचा थर. घट्ट गार झाल्यावर ओतलात तर दोन थर एकमेकांना धरतच नाहीत, कप पिळला की वरची चकती सुटून हातात येते. आणि लवकर ओतलात तर रंगात रंग मिसळून सगळा चिखल.

पहिलं वर्ष घरगुती वाढदिवस आणि छोट्या पार्ट्यांवर गेलं. हॉटेलात वजनमापं ठरलेली असायची, इथे सगळं स्वतः बसवायला लागलं. जिलेटिन आधी गार पाण्यावर भुरभुरवून दहा मिनिटं फुगू द्यायचं, मग गरम पाण्यात विरघळवायचं, उकळायचं नाही, आणि कोमट झाल्यावरच दारू घालायची, कारण अल्कोहोल ७८ डिग्रीलाच उकळायला लागतं आणि उकळत्यात ओतलीत तर दारूचे पैसे वाफेत जातात. लिटरला तीस ग्रॅम जिलेटिन घ्यायचे मी तेव्हा, साध्या जेलीपेक्षा बरंच जास्त, कारण दारू वाढली की जेली धरत नाही. ताज्या अननसाने पण एकदा फसवलं, रात्रभर फ्रीजमध्ये ठेवून सकाळी बघते तर नुसतं सरबत! अननसात, पपईत, किवीत जिलेटिन तोडणारं एन्झाइम असतं, फळाचा रस आधी उकळून घेतला की काम होतं. त्या दिवशी ऐंशी कप ओतून टाकले.

पण खरा धडा मिळाला मे २०१९ ला. किनाऱ्यालगतच्या एका लॉनवर लग्नाची कॉकटेल पार्टी, मुलीकडचे पुण्याचे, चारशे कपांची ऑर्डर, आमच्यासाठी तोवरची सगळ्यात मोठी. तीन थर : खाली लाल, मध्ये कंडेन्स्ड मिल्कचा पांढरा, वर केशरी. दोन दिवस राबून केले आणि थर्माकोलच्या पेट्यांत बर्फ घालून नेले. तिकडे सांगितलं होतं सात वाजता सर्व्ह करणार, पण वरात अडकली, फोटो लांबले, आणि तिथल्या पोरांनी आम्हाला न विचारता साडेसहालाच ट्रे बाहेर मांडून ठेवले. मी आतून आले तेव्हा पहिल्या रांगेतल्या कपांचा केशरी थर हलत होता. जिलेटिन तीस-पस्तीस डिग्रीला वितळायला लागतं, म्हणजे मे महिन्यातली गोव्याची संध्याकाळ त्याला पुरेशी आहे. बघता बघता पांढरा लालमध्ये उतरला, गुलाबी दूध झालं. दोनशेच्या वर कप गेले. मुलीचे वडील आले, मला वाटलं आता ओरडतील, तर म्हणाले, "ताई, राहिलेत ते वाचवा आधी, बाकीचं नंतर बघू." त्या माणसाने पूर्ण पैसे दिले, मी अर्धे परत पाठवले. रात्री घरी येऊन मी खूप रडले.

आणि त्याच लग्नात दुसरी गोष्ट कळली ती जास्त लागली. मुलाकडच्या एक आजी बिनदारूचा कप घेऊन मला विचारत होत्या, "ह्यात प्राण्याचं काही नाही ना गं?" जिलेटिन हाडाचं, कातड्याचं असतं. मी खरं सांगितलं, त्यांनी कप खाली ठेवला. त्यांनी विचारलं म्हणून. न विचारता खाणारे किती असतील? आपल्या लोकांमध्ये शाकाहारी माणूस दारू पितो, पण जिलेटिन खाणार नाही, हे मला आधीच सुचायला हवं होतं.

म्हणून त्या पावसाळ्यात काम बंद ठेवून आम्ही अगरवर आलो, म्हणजे आपला चायना ग्रास, पावडर स्वरूपात. समुद्री शेवाळापासून होतो, शाकाहारी, आणि एकदा सेट झाला की ८५ डिग्रीपर्यंत वितळत नाही, उन्हात ठेवा खुशाल. पण त्याचे नखरे वेगळे. तो नीट उकळावाच लागतो, आणि चाळीसच्या खाली आला की ओतता ओतताच धरायला लागतो, म्हणजे फ्रीजमधली गार दारू त्यात घातली की लगेच गुठळ्या. दारू रूम टेंपरेचरची हवी, थोडी थोडी, ढवळत. शिवाय नुसत्या अगरची जेली कचकन तुटते, लचकत नाही, शॉट जिभेवर सरकला पाहिजे तर तो तुकडे पडल्यासारखा लागतो. मग कॅराजिनन आणि लोकस्ट बीन गमचं मिश्रण आणलं, तेही शाकाहारीच, त्याने लवचिकपणा आला. प्रमाण बसवायला दोन महिने गेले आणि एक वही भरली, ती वही अजून किचनमध्ये टांगलेली आहे.

त्याच पावसाळ्यात आमचा सोलकढी शॉट जन्मला, आज आमचा सगळ्यात जास्त जाणारा माल. खाली आगळाचा, म्हणजे कोकमाच्या घट्ट रसाचा थर, त्यात काजूची फेणी, मध्ये नारळाच्या दुधाचा, वर कोथिंबीर-हिरव्या मिरचीचा पातळसा हिरवा थर, चिमूटभर मीठ. ऐकायला सोपं वाटतं, पण नारळाच्या दुधाने जीव खाल्ला. थर सेट होईपर्यंत त्यातलं तेल वर येतं, डोळ्यांना दिसत पण नाही इतका बारीक तवंग धरतो, आणि त्याच्यावर हिरवा थर काही केल्या चिकटत नाही. सासूबाईंनी बोट लावून सांगितलं, "अगो, तूप लावल्यासारखं लागतंय." तेव्हा कुठे कारण कळलं. आता नारळाचं दूध जेमतेम धरायच्या बेतात येईपर्यंत ढवळतो आणि मगच ओततो, तेल वर यायला वेळच मिळत नाही, वरून टिश्यू हलकासा टेकवतो, आणि हिरवा थर गरम असतानाच चमच्याच्या पाठीवरून सोडतो. फेणी आम्ही मुद्दाम वापरतो, २००९ पासून तिला जीआय टॅग, म्हणजे इथलंच उत्पादन अशी सरकारी ओळख आहे, वास उग्र म्हणून बाहेरचे नाक मुरडतात पण आगळाच्या आंबटपणात ती इतकी छान बसते की वोडका पाणचट वाटते. मार्च ते मे उराक, म्हणजे काजूच्या रसाची पहिल्या धारेची दारू मिळते तेव्हा लिंबू, मीठ आणि मिरचीच्या चकतीचा उराक शॉट, तो फक्त सीझनमध्येच. उराक फेणीपेक्षा बराच सौम्य असतो, त्यामुळे तिथे पाणी कमी करून उराकच जास्त घालावा लागतो.

आता जे लिहिणार आहे ते लिहिताना अजून हात थांबतो. डिसेंबर २०१९. एका बंगल्यावर चाळिसाव्या वाढदिवसाची पार्टी, घरात पाच-सहा लहान मुलं. त्यांना बिनदारूचे आणि मोठ्यांना दारूचे, दोन्ही सारखेच कप, सारखेच रंग, फक्त ट्रेवर चिठ्ठी. ट्रे बुटक्या टेबलावर ठेवला गेला. सहा वर्षांच्या मुलाने एक शॉट खाल्ला आणि दुसरा हातात होता तेव्हा त्याच्या मावशीने बघितलं. लहान मुलांची रक्तातली साखर दारूने झपाट्याने खाली येते, डॉक्टरांनी लगेच आणायला सांगितलं, चार तास ठेवून घेतलं, दोनदा साखर तपासली. पोरगं सुखरूप घरी आलं. मी आणि हे रात्री एक वाजेपर्यंत बाहेर बाकड्यावर बसून होतो, मुलाची आई आम्हाला एक शब्द बोलली नाही, आणि बोलली असती तरी तिचंच बरोबर होतं. चिठ्ठी वाचता न येणाऱ्या मुलासमोर आम्ही रंगीत गोळीसारखी दारू ठेवली होती.

दुसऱ्या दिवसापासून नियम : कप म्हणजे दारू, वडी म्हणजे बिनदारू. बिनदारूची जेली आम्ही कपात भरतच नाही, मोठ्या ट्रेमध्ये थर लावून चौकोनी वड्या कापतो. दारूच्या प्रत्येक कपाला झाकण, झाकणावर लाल पट्टी, आणि ट्रेमागे आमचा एक माणूस उभा, टेबलावर ट्रे सोडून कोणी हलायचं नाही. गोव्यात २१ च्या खाली कोणाला देत नाही, शंका आली तर कार्ड विचारतो, लोक चिडतात, चिडू देत. प्रत्येक कपात मोजून दहा एमएल फेणी असते, म्हणजे तीन कप खाल्ले की एक स्मॉल पेग झाला, हे पाटीवर मोठ्या अक्षरात लिहिलेलं असतं. कारण खाल्लेली दारू लगेच जाणवत नाही, गोड लागते, माणूस सहा कप खाऊन मोकळा होतो आणि अर्ध्या तासाने गाडीची चावी शोधायला लागतो. "मुलांना पण सेम दिसणारे कप द्या ना, फोटोत छान दिसतं" अशा ऑर्डरी आजही येतात. घेत नाही. दोन मोठे इव्हेंटवाले त्यामुळे सुटले, सुटू देत.

मार्च २०२० ला सगळंच बंद झालं. त्या दीड-दोन वर्षांत बिनदारूच्या वड्यांनी घर चालवलं, डब्यात भरून सोसायट्यांमध्ये ह्यांनी टेम्पोने पोचवल्या. अंगणात गोकर्ण आहे, त्याच्या फुलांचा निळा रंग तेव्हाच वापरायला लागलो, लिंबू पडलं की जांभळा होतो, मुलं वेडी व्हायची बघून. कोकमाच्या थराला लागून निळा थर ठेवला तर रात्रभरात सीमेवर एक जांभळी रेघ उमटते, ती आधी चूक वाटायची, आता गिऱ्हाईक तीच मागून घेतात.

परवान्याबद्दल खूप जण विचारतात म्हणून सांगते, आम्ही दारू विकत नाही. परवाना समारंभ करणाऱ्याचा किंवा हॉटेलचा, दारू त्यांच्या बारमधली, आता आम्ही कोरडी मिश्रणं आणि रस घेऊन तिथल्या किचनमध्ये जातो आणि तिथेच थर लावतो. त्यासाठी निदान पाच तास आधी किचन आणि एक रिकामा फ्रीज पाहिजे, हे ऑर्डर घेतानाच लिहून घेतो. सावंतवाडी, कोल्हापूरकडच्या ऑर्डरीला इथली बाटली नेत नाही, तिकडचा परवाना, तिकडचीच दारू. महाराष्ट्राच्या हद्दीत इन्सुलीच्या चेकपोस्टवर आमचा टेम्पो उघडून बघतात तेव्हा आत कोकम, नारळ आणि पातेली असतात.

आज आम्ही पाच जणी आहोत, हे धरून सहा. २०२३ मध्ये कर्ज काढून ब्लास्ट चिलर घेतला, वीस मिनिटांचा थर आता आठ मिनिटांत होतो. सासूबाईंना तो पटलेला नाही, त्यांच्या मते मशीनचा थर वरून धरतो आणि आत ढिला राहतो, आणि दोनदा त्या बरोबर निघाल्यात. म्हणून चिलरमधून ट्रे निघाला की आधी त्यांच्यासमोर जातो. उद्या शिवोलीला साडेसहाशे कपांचा सोलकढी शॉट आहे, नारळ खवायला बसायचंय आता.