हाक मारणारी दरी

"बाबा, त्या दरीत वाकून पाहिल्याने कोणी मरत नाही, तिच्या हाकेला ओ दिल्याने मरतो," असे सातवीतल्या लेकीने आज रात्री जेवताना सांगितले आणि माझा घास हातातच राहिला.

तिने वहीत रचलेल्या जगात ही मंतरलेली दरी आहे. अमावास्येला तिच्यातून धुके वर चढते आणि काठावरच्या माणसाला त्याच्याच घरातल्या ओळखीच्या आवाजात, घरच्या बोलीत हाक ऐकू येते; ओ दिली, की पाय आपोआप कड्याकडे वळतात. काठावर धोक्याचा फलक आहे, पण दरी फलकाच्या भाषेत बोलतच नाही.

रात्री पहिल्याच हाकेला ओ देऊ नये, हे आमच्या आजीचे सांगणे तिच्यापर्यंत पोहोचले असेलही. मला मात्र गेल्या पावसाळ्यातला कर्नाटकातला गोकाकचा धबधबा आठवला. घटप्रभा नदीचे तांबडे पाणी सुमारे ५२ मीटर खाली कोसळत होते, ती घाबरून मागे उभी होती आणि केवळ फोटोसाठी मी तिला "ये गं जवळ, मी आहे ना" असे दोनदा बोलावले होते. मुले परक्या आवाजाला सहसा भुलत नाहीत. आपल्या आवाजावर मात्र ती डोळे मिटून विश्वास ठेवतात.

"तुझ्या दरीचा आवाज कोणासारखा आहे?" असे मी विचारले, तेव्हा तिने उत्तर न देता वही मिटली.