अपेक्षेचा रकाना

रविवार, रात्री

आज आत्याला पुण्यात ज्येष्ठांच्या परिचय मेळाव्याला घेऊन गेले होते. तिचे वय 67 आणि आतोबांना जाऊन आता 9 वर्षे झाली. अर्जातले वय, शिक्षण, अपत्ये हे रकाने तिने भराभर भरले, पण ‘अपेक्षा’ या रकान्यापाशी तिचे पेन बराच वेळ अडले आणि शेवटी तिने लिहिले, ‘संध्याकाळच्या बातम्या शेजारी बसून पाहणारे कोणी असावे.’ ते वाक्य वाचून मला तिच्याकडे पाहवेना, कारण मी दर रविवारी तिच्याकडे जाते ती दुपारी, आणि दिवेलागणीच्या आत घरी परतते.

तिथे एका निवृत्त शिक्षकांशी ती तासभर बोलत बसली होती. इतकी मोकळी हसताना मी तिला फार वर्षांनी पाहिले.

मग पेन्शनचा विषय निघालाच. आतोबा केंद्र सरकारच्या नोकरीत होते, आणि त्यांच्यामागे तिला मिळणारे कुटुंब निवृत्तिवेतन नियमाप्रमाणे पुनर्विवाह केल्यास थांबते. 1856 च्या कायद्याने हिंदू विधवेला पुनर्विवाहाची मोकळीक दिली, पण त्याच कायद्याच्या दुसऱ्या कलमाने पुनर्विवाह करताच मृत पतीच्या मालमत्तेवरचा तिचा हक्क काढून घेतला होता; तो कायदा केव्हाच रद्द झाला असला, तरी त्यातली अट पेन्शनच्या नियमात अजून जिवंत आहे, याचे मला फार वाईट वाटते. सोबत हवी असेल तर हक्काच्या पैशावर पाणी सोडा, असे साठीपलीकडच्या बाईला सांगणे अन्यायाचे आहे. म्हणूनच कितीतरी ज्येष्ठ जोडपी लग्न न करता एकत्र राहण्याचा मार्ग धरतात, आणि आत्यानेही तो धरला, तर मी तिच्या पाठीशी उभी राहीन. आतेभावाला अजून काही सांगितलेले नाही. ते बोलणे सोपे जाणार नाही.

परतताना रिक्षात ती फारशी बोलली नाही. त्या गृहस्थांचा फोन उद्या संध्याकाळी सातला येणार आहे, आणि अलीकडे तिला कमी ऐकू येते, म्हणून घरापाशी उतरल्यावर फोनचा स्पीकर कसा सुरू करायचा ते तिने माझ्याकडून दोनदा शिकून घेतले.