आमची वाटचाल : आधी प्रश्न, मग कॅमेरा

सांगलीत सीसीटीव्ही कॅमेरे बसवणाऱ्या आमच्या फर्मचे काम 2009 साली सुरू झाले. त्याआधी मी केबल टीव्हीच्या जोडण्या आणि टीव्ही दुरुस्ती करीत असे, त्यामुळे कोअ‍ॅक्सियल केबल, तिचे कनेक्टर आणि लांब अंतरावर मंदावणारा सिग्नल हे विषय सवयीचे होते. नोव्हेंबर 2008 मधील मुंबईवरच्या हल्ल्यानंतर सुरक्षा कॅमेऱ्यांची चर्चा जिल्ह्याच्या गावांपर्यंत पोहोचली होती. सराफ पेठेतील दुकानदार, पतसंस्थांचे व्यवस्थापक, मार्केट यार्डातील हळदीचे अडते आमच्याकडे येऊन ‘चार कॅमेरे बसवून द्या’ एवढेच सांगत. धाकटा भाऊ वायरिंग पाहत असे आणि जागा पाहून कॅमेऱ्याचे ठिकाण ठरवण्याचे काम माझ्याकडे होते. यंत्रे तेव्हापासून अनेकदा बदलली. मात्र पहिल्या भेटीत ग्राहकाला आम्ही जे विचारतो ते बदललेले नाही. उद्या काही घडले तर या फुटेजमधून तुम्हाला नेमके काय दाखवता आले पाहिजे, आणि घटना किती दिवसांनी लक्षात येऊ शकते?

सुरुवातीचे सगळे काम अ‍ॅनालॉगचे होते. लेन्समधून आलेला प्रकाश सेन्सरवर पडतो, सेन्सर त्याचे विद्युत संकेतांत रूपांतर करतो, ते संकेत केबलवरून डीव्हीआरमध्ये, म्हणजे रेकॉर्डरमध्ये जातात, तेथे चित्र दाबून लहान केले जाते आणि हार्ड डिस्कवर लिहिले जाते. डिस्क भरली की सर्वांत जुन्या दिवसावर नवा दिवस लिहिला जातो. ही साखळी आजही तीच आहे. फरक पडला तो चित्राच्या बारकाव्यात. त्या काळातील बरेच डीव्हीआर 352 बाय 288 ठिपक्यांचे (पिक्सेलचे) चित्र साठवत, म्हणजे एका चौकटीत जेमतेम एक लाख ठिपके. दुकानात कोणी आले, कोणत्या बाजूने गेले हे त्यात कळे. पण अनोळखी माणसाचा चेहरा ओळखायचा तर तो कॅमेऱ्याच्या अगदी जवळ असावा लागे. आज सर्रास वापरल्या जाणाऱ्या 1920 बाय 1080 च्या चित्रात वीस लाखांहून अधिक ठिपके असतात. तरीही ते किती रुंद जागेवर पसरले आहेत यावरच चेहऱ्याचे भवितव्य ठरते, आणि नेमकी हीच गोष्ट जाहिरातीतील मेगापिक्सेलच्या आकड्यात दिसत नाही.

या विषयावरील युरोपीय मानकात एक उपयुक्त मोजमाप दिलेले आहे. अनोळखी व्यक्तीची निश्चित ओळख पटवायची असेल तर दृश्यातील दर मीटर रुंदीला 250 ठिपके असावेत. ओळखीची व्यक्ती आहे की नाही एवढेच ठरवायचे असेल तर 125 पुरतात. आणि कोणीतरी आहे एवढेच कळायला 25 देखील चालतात. 1920 ठिपक्यांच्या कॅमेऱ्याला 250 ने भागले की सुमारे साडेसात मीटर येतात. म्हणजे त्या कॅमेऱ्यात चेहरा ओळखू यावा असे वाटत असेल, तर माणूस जेथे उभा राहतो तेथे दृश्याची रुंदी साडेसात मीटरपेक्षा जास्त असू नये. नेहमीच्या 3.6 मिलिमीटर लेन्सने ही मर्यादा कॅमेऱ्यापासून साधारण पाच मीटरवर येते, तर 12 मिलिमीटर लेन्सने सतरा मीटरपर्यंत जाता येते, पण मग आजूबाजूची जागा दृश्याबाहेर राहते. त्यामुळे ‘सगळे आवार एका कॅमेऱ्यात दिसू दे’ आणि ‘आलेल्याचा चेहरा दिसू दे’ या दोन मागण्या एकाच कॅमेऱ्याकडून पूर्ण होत नाहीत, हे आम्ही ग्राहकाला कागदावर आकृती काढून दाखवतो. चेहऱ्याचा कॅमेरा आम्ही दाराच्या आत, साधारण अडीच मीटर उंचीवर लावतो. छताच्या कोपऱ्यात, चार मीटरवर लावलेल्या कॅमेऱ्यात आमच्या भागात बहुतेक वेळा टोप्याच दिसतात.

सराफ पेठेत आणखी एक अडचण कायम भेटते. दुकान अरुंद आणि खोल असते, दार रस्त्याकडे उघडते आणि दुपारचे ऊन थेट दारात पडते. आतून दाराकडे पाहणाऱ्या साध्या कॅमेऱ्यात येणारा माणूस काळ्या सावलीसारखा दिसतो, कारण कॅमेरा उजेडाचा सरासरी हिशेब करून संपूर्ण चित्र अंधारे करतो. यासाठी वाइड डायनॅमिक रेंज असलेला कॅमेरा लागतो, जो कमी आणि जास्त उजेड घेतलेली चित्रे एकत्र करून दोन्ही भाग दाखवतो. पेटीवर त्याचे लघुरूप डब्ल्यूडीआर असे छापलेले पुरेसे नाही. काही स्वस्त कॅमेऱ्यांत हे काम केवळ सॉफ्टवेअरने अंधारा भाग उजळून केलेले असते आणि त्यात चेहऱ्याऐवजी दाणेदार धूसरपणा मिळतो. म्हणून आम्ही दर देण्यापूर्वी नमुन्याचा कॅमेरा दुपारी त्याच दाराकडे तोंड करून लावतो आणि शेठजींना स्वतःचाच चेहरा पडद्यावर पाहायला सांगतो.

2011 च्या अखेरीस थायलंडमध्ये आलेल्या पुराने तेथील हार्ड डिस्कचे कारखाने बंद पडले आणि डिस्कचे भाव एकदम चढले. लहान व्यापाऱ्यांना परवडेना, तेव्हा साठवणुकीचा हिशेब काटेकोरपणे मांडणे भाग झाले, आणि तेव्हापासून आमच्या प्रत्येक दरपत्रकात कॅमेऱ्यांच्या संख्येखाली ‘रेकॉर्डिंग किती दिवस’ ही ओळ असते. हिशेब सोपा आहे. सेकंदाला एक मेगाबिट या वेगाने अखंड चाललेले रेकॉर्डिंग दिवसाला 10.8 जीबी जागा घेते. आठ कॅमेरे प्रत्येकी दोन मेगाबिटने चालले तर दिवसाला सुमारे 173 जीबी, म्हणजे महिनाभरासाठी पाच टीबीपेक्षा जास्त लागतात. त्याच व्यवस्थेत एक टीबीची डिस्क बसवली तर सहा दिवसही पुरत नाहीत. अडत्याच्या गोदामात पोती कमी भरल्याचे महिनाअखेरच्या मोजणीत उघड होते; त्याला सहा दिवसांच्या फुटेजचा काय उपयोग? चित्र दाबण्याच्या एच.265 या नव्या पद्धतीने जुन्या एच.264 च्या जवळपास निम्म्या जागेत तसेच चित्र साठवता येते, हालचाल झाली तरच रेकॉर्डिंग करण्याची सोयही असते. पण झाडाची फांदी किंवा रात्रीचे किडे सतत हलत असतील तर ती बचत कागदावरच राहते.

आमच्या कामाला खरी दिशा मिळाली ती एका साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर. गाळप हंगामात तेथे रात्रंदिवस उसाने भरलेल्या ट्रॅक्टर-ट्रॉल्या उभ्या असतात. काट्याच्या केबिनवर आधीच एक चांगला, रुंद दृश्याचा कॅमेरा होता. काटा सांभाळणाऱ्या लिपिकांनी आम्हाला रात्रीचे फुटेज लावून दाखवले आणि म्हणाले, ‘दिवसा ठीक आहे दादा, रात्री नंबरच्या जागी नुसता पांढरा डाग दिसतो.’ ट्रॅक्टरचे दिवे थेट कॅमेऱ्यावर येत होते, शिवाय नंबरप्लेटचा चकाकणारा पत्रा कॅमेऱ्याचाच इन्फ्रारेड प्रकाश परत फेकत होता. अंधारात जास्त उजेड घेण्यासाठी कॅमेरा शटर सावकाश करतो, म्हणजे उजेड जास्त वेळ आत घेतो, आणि त्यामुळे उजळ भाग पूर्णपणे जळून जातो. वाहन काट्यावर उभेच असल्याने वेगाचा प्रश्न नव्हता, प्रश्न केवळ प्रकाशाचा होता.

तेथे आम्ही कामे वेगळी केली. समोरच्या नंबरसाठी खालच्या उंचीवर, दिव्यांच्या रेषेपासून बाजूला एक लांब लेन्सचा कॅमेरा लावला आणि त्याचे शटर सेकंदाच्या पाचशेव्या भागावर पक्के केले. त्या चित्रात रात्री प्लेटखेरीज बाकी सगळे काळे दिसते, आणि तसेच दिसायला हवे. ट्रॉलीचा क्रमांक बहुधा मागच्या फळीवर रंगाने लिहिलेला व चिखलाने माखलेला असतो. तो इन्फ्रारेडमध्ये नीट उठत नाही, म्हणून मागे पांढरा दिवा आणि वेगळा कॅमेरा दिला. तिसरा कॅमेरा वरून, सर्व चाके काट्यावर आहेत की नाहीत हे दाखवण्यासाठी. आणि चौथा केबिनमध्ये, वजनाचा आकडा व लिपिक एका चौकटीत यावेत म्हणून. भरलेल्या आणि रिकाम्या वजनाबद्दल ऊस उत्पादकाने शंका काढली, तर चारही चित्रे एकाच वेळेवर थांबवून त्याच्यासमोर ठेवता येतात. शेतकऱ्याच्या वर्षभराच्या कष्टाचा हिशेब त्या काट्यावर होतो, त्यामुळे हे काम आम्ही फार मनापासून केले आणि दर हंगामापूर्वी त्याची तपासणी अजूनही स्वतः करतो.

2012 नंतर जुन्या कोअ‍ॅक्सियल केबलवरूनच उच्च दर्जाचे चित्र नेणाऱ्या पद्धती आल्या आणि दोन-तीन वर्षांत त्या आमच्या बाजारात रुळल्या. जुन्या ग्राहकांना केबल न उखडता फक्त कॅमेरे व रेकॉर्डर बदलता आले. मात्र केबल मुळात चांगली असेल तरच. तांब्याचा मुलामा दिलेल्या अ‍ॅल्युमिनियमची केबल स्वस्त पडते. तिचा त्रास रात्री कळतो. दिवसभर व्यवस्थित चालणारा कॅमेरा अंधार पडताच बंद-चालू होऊ लागला, तर बहुतेक वेळा कॅमेरा निर्दोष असतो. इन्फ्रारेड दिवे पेटले की तो जास्त विद्युतप्रवाह खेचतो, बारीक तारेत 12 व्होल्टचा विद्युतदाब कमी होत जातो आणि दूरच्या टोकाला कॅमेऱ्यापुरता दाब उरत नाही. अशा ठिकाणी मल्टीमीटर घेऊन रात्री आठनंतर जावे लागते, दुपारी जाऊन हा दोष सापडत नाही.

नेटवर्कवर चालणारे आयपी कॅमेरे तसे नवीन नाहीत; स्वीडनच्या अ‍ॅक्सिस कंपनीने पहिला नेटवर्क कॅमेरा 1996 मध्ये आणला होता. आमच्या ग्राहकांपर्यंत ते उशिरा आले. त्यांचा मोठा फायदा म्हणजे एकाच कॅट सिक्स केबलवरून चित्र आणि वीज दोन्ही जातात, आणि ठिपके वाढवायला मर्यादा कमी. एका टप्प्यात 100 मीटर हे अंतर मात्र पाळावे लागते. मोठ्या आवारात पुढे फायबर टाकावी लागते. चार-आठ कॅमेऱ्यांच्या दुकानाला आम्ही आजही बऱ्याचदा कोअ‍ॅक्सियलचीच व्यवस्था सुचवतो, कारण ती दुरुस्त करणारा माणूस प्रत्येक तालुक्यात मिळतो. कारखाना, शीतगृह, मोठी सोसायटी येथे आयपी घ्यावे, आणि त्यातही वेगवेगळ्या कंपन्यांची यंत्रे एकमेकांशी जुळावीत म्हणून ओएनव्हीआयएफ या सामायिक पद्धतीला धरून असलेलीच घ्यावीत.

ऑगस्ट 2019 च्या महापुरात सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी 57 फुटांवर गेली, तेव्हा काउंटरखालच्या कपाटात ठेवलेले अनेकांचे रेकॉर्डर बुडाले. त्यानंतर पूररेषेतील जागांत रेकॉर्डर आणि यूपीएस आम्ही वरच्या मजल्यावर किंवा माळ्यावरच बसवतो. रेकॉर्डर चोराच्या नजरेआड असावा ही गरजही त्यातून भागते.

फुटेज असणे आणि ते न्यायालयात टिकणे यांत मोठे अंतर आहे. जालना विधानसभा मतदारसंघाच्या निवडणुकीच्या वादात निर्वाचन अधिकाऱ्यांच्या कार्यालयातील चित्रीकरणाचा पुरावा पुढे आला होता. त्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 14 जुलै 2020 रोजी स्पष्ट केले की इलेक्ट्रॉनिक नोंदीची प्रत सादर करताना पुरावा कायद्याच्या कलम 65 ब खालील प्रमाणपत्र आवश्यक आहे. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ही तरतूद कलम 63 मध्ये असून प्रमाणपत्रात फाइलचे हॅश मूल्यही (फाइलमधून गणिताने काढलेली, फाइल जराही बदलली तर बदलणारी खूण) नोंदवावे लागते. म्हणून पोलिसांसाठी फुटेज काढताना आमचा तंत्रज्ञ सर्वप्रथम रेकॉर्डरचे घड्याळ आणि खरी वेळ यांतील फरक लिहून घेतो, मूळ स्वरूपातील फाइल काढतो, हॅश काढतो आणि मगच पेनड्राइव्ह देतो. पडद्याचे मोबाइलवर केलेले चित्रण कोणी मागितले तरी आम्ही त्याला पुरावा म्हणून देत नाही. भारनियमनाच्या दिवसांत रेकॉर्डरमधील सेल संपून तारीख 1 जानेवारी 2000 वर गेलेली अनेक यंत्रे आम्ही पाहिली आहेत. अशा फुटेजवर बचाव पक्षाचा वकील पहिला प्रश्न वेळेचाच विचारतो.

मोबाइलवर घरबसल्या दुकान पाहण्याची सोय आली, तशी एक नवी जबाबदारीही आली. 2016 मध्ये मिराय नावाच्या घातक प्रोग्रामने कंपनीचेच मूळ पासवर्ड ठेवलेले असंख्य कॅमेरे व रेकॉर्डर ताब्यात घेऊन त्यांच्यामार्फत इंटरनेटवरील मोठ्या सेवा बंद पाडल्या होत्या. आम्ही प्रत्येक ग्राहकाचा पासवर्ड वेगळा ठेवतो, तो त्याच्या हाताने टाकायला लावतो आणि आमच्याकडे लिहून ठेवत नाही. केंद्र सरकारने सीसीटीव्ही कॅमेऱ्यांसाठी सुरक्षेच्या आवश्यक अटी 9 एप्रिल 2024 रोजी अधिसूचित केल्या आणि त्या वर्षभराने लागू झाल्या. आता मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतील चाचणी उत्तीर्ण झालेलेच कॅमेरे विकता येतात. त्यामुळे स्वस्त पर्याय कमी झाले आणि काही मॉडेल्सची वाट पाहावी लागली, तरी पतसंस्थेच्या तिजोरीसमोर कोणते यंत्र बसले आहे याची खात्री देता येणे मला त्याहून महत्त्वाचे वाटते.

सोसायट्यांच्या कामात आम्ही अलीकडे एक अट आग्रहाने मांडतो. जिन्यातील कॅमेऱ्याच्या चौकटीत एखाद्या घराचे दार उघडल्यावर आतला भाग येत असेल, तर तेवढा भाग कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्येच झाकायचा. आणि फुटेज कोणी, कधी, कशासाठी पाहिले याची वही सचिवांकडे ठेवायची. काही ठिकाणी यावर वाद होतो, पण बहुतेक काकू आणि आजी या अटीच्या बाजूने ठामपणे उभ्या राहतात. सध्या सांगलीच्या विश्रामबाग परिसरातील जुन्या व्यवस्था बदलण्याचे काम चालू आहे. तेथे केबलची मोजणी झाली आहे, जी खऱ्या तांब्याची निघाली ती ठेवली आहे, आणि नवे कॅमेरे आल्यावर प्रत्येक दाराची रात्रीची चाचणी घेऊनच काम ताब्यात द्यायचे ठरले आहे.