पंधरा कप

आमच्या नौपाड्यातल्या घरात सहा कपांचा सेट वर्षभरही सहाचा राहत नाही. एकाचा कान तुटला की तो दाढीच्या ब्रशसाठी बेसिनवर जातो, एखाद्यात तुळशीचं रोप लागतं. बश्या मात्र सहाच्या सहा शाबूत. फुर्र करून बशीतून चहा पिणारे बाबा गेले आणि बश्यांना अभय मिळालं.

परवा सात वर्षांची भाची राहायला आली होती. तिला मी ज्याँ पियाजेची गोष्ट सांगितली. हा स्विस मानसशास्त्रज्ञ. मुलांच्या नीतिविचारावरचं त्याचं पुस्तक १९३२ चं. एका मुलाला जेवायला हाक मारतात. तो दार ढकलतो, दारामागे खुर्चीवर ट्रे असतो, त्यातले पंधरा कप खळ्ळकन फुटतात. दुसरा, आई घरात नाही बघून जाम चोरायला वर चढतो, त्यात एकच कप फुटतो. जास्त वाईट कोण? लहान मुलं म्हणायची, पंधरावाला. नऊ-दहाची झाली की बहुतेक जण जामवाल्याकडे बोट दाखवायची.

पुढे लॉरेन्स कोलबर्ग या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९५८ च्या आपल्या प्रबंधासाठी शिकागोकडच्या मुलग्यांना असेच पेच घातले. मरणाऱ्या बायकोसाठी नवऱ्यानं औषध चोरावं का? हो की नाही याच्याशी त्याला देणंघेणं नव्हतं. का, ते सांगा. त्यातून त्यानं नीतिविचाराच्या सहा पायऱ्या मांडल्या. पहिलीवर माराची भीती, तिसरीवर चारचौघांत चांगलं दिसणं, चौथीवर कायदा, आणि सगळ्यात वर स्वतःला पटलेली तत्त्वं. आमच्या सोसायटीची सभा तिसरीच्या वर गेलेली मी तरी पाहिली नाही.

भाचीनं विचार केला. "मामा, पंधरा कप फुटले तर त्याच्या पायात काच घुसली का?"

"ते गोष्टीत नाहीये गं."

"मग अर्धीच सांगितलीस तू."

ही पोर कुठल्या पायरीवर बसवायची? कोलबर्गबरोबरच काम केलेल्या कॅरल गिलिगननं १९८२ साली हीच तक्रार केली होती. पायऱ्या रचल्या मुलग्यांना विचारून; कुणाला लागलं का, कुणाची काळजी घ्यायची, असा विचार करणाऱ्या बायका मग त्या मापात खालीच राहणार.

मला मात्र आमचा निळ्या फुलांचा कप आठवला. महिन्यापूर्वी तो मावशींच्या हातून फुटला. कळव्याहून येतात, आमच्याआधी दोन घरं उरकून. आवाज ऐकून मी हॉलमधूनच ओरडलो होतो, "कुठला?" दुसरा प्रश्न, "कितवा हा?" पुढच्याच आठवड्यात एक माझ्या हातून गेला. तेव्हा हाताला साबण होता, फोन वाजत होता, शिवाय नळ गळत होता. बायकोनं हे सगळं ऐकून घेतलं आणि झाडू हातात दिला.

मावशींनी तेव्हा तुकडे हातानंच गोळा केले होते. बोटाला काही लागलं होतं का, आठवत नाही. फुलं निळी होती.