बारा मीटर खोलीवरचं झाड

"मॅडम, तुमच्या रिपोर्टात एक झाड आहे. ते कुठलं?"

शाखा अभियंत्यांचा फोन सकाळी पावणेआठला आला तेव्हा मी चहा गाळत होते. मी भूवैज्ञानिक. धरणांच्या, पुलांच्या पायात कुठला खडक आहे ते सांगायचं आणि बिल मंजूर व्हायची वाट बघायची, हा माझा व्यवसाय. झाडं त्यात येत नाहीत.

"बोअर नंबर ४. सांडव्याच्या लाइनवर. ११.४० ते १२.२५ मीटर, 'लाल बुंधा आढळला' असं छापलंय. ज्याच्या गटात ते बोअर मारलंय त्यानं अर्ज दिलाय. भूसंपादनात माझी सगळी झाडं मोजली, हे मोठं झाड तेवढं पंचनाम्यात का नाही, म्हणतो."

मी हसले. खूप हसले. आता लिहितेय ते त्या हसण्याचंच काहीतरी करावं म्हणून.

झालं होतं असं. माझा मूळ अहवाल इंग्रजीत. ग्रामपंचायतीला मराठी प्रत द्यायची म्हणून कार्यालयानं तो शब्दावर पैसे देऊन एका तरुणाकडून करून घेतला. माझ्या लॉगमध्ये, म्हणजे कुठल्या खोलीला कुठला थर याच्या नोंदीत, होतं 'रेड बोल'. कोशात 'बोल'चा पहिला अर्थ झाडाचा बुंधा, त्यानं तो लिहिला. पुढे माहीत झालं की त्यानं आधी कार्यालयाला मेल टाकून या शब्दाचा अर्थ विचारला होता. उत्तर आलं नाही. सरकारी कामात उत्तर न येणं म्हणजे होकार, एवढं तो शिकलेला होता.

दख्खनचा दगड म्हणजे ६.६ कोटी वर्षांपूर्वी एकावर एक पसरत गेलेले लाव्हाचे थर. डोंगरात ते पायऱ्यांसारखे दिसतात, त्यावरूनच आमच्या खडकाला 'ट्रॅप' म्हणतात, मूळ स्वीडिश शब्द, अर्थ जिना. दोन थरांच्या सांध्यात कधी कधी विटकरी तांबडा पट्टा असतो. कुठे बोटभर, कुठे मीटरभर. कात्रजच्या घाटात, सिंहगडाच्या वाटेवर रस्ता कापलेल्या भिंतीत तो लांबूनही दिसतो. हा रेड बोल. वरच्या थराशी त्याची कड सुरीनं कापल्यासारखी, खाली मात्र तो भुसभुशीत, भोकाळ दगडात हळूहळू विरघळत जातो. विहिरी खणणारे त्याला सरळ गेरू म्हणतात.

या झाडाच्या निमित्तानं मी पंचवीस वर्षांत पहिल्यांदा 'बोल' हा शब्द नीट पाहिला. ग्रीक 'बोलोस' म्हणजे मातीचं ढेकूळ. लेमनॉस बेटावरच्या तांबड्या मातीच्या वड्या थापून, शिक्का मारून औषध म्हणून विकत. मोठ्या गोळीला त्यावरूनच 'बोलस' नाव पडलं, आणि आज अतिदक्षता विभागात शिरेतून एकदम सोडतात तो औषधाचा बोलसही त्याच ढेकळाचा वंशज. युरोपात लाकडी चौकटीला सोन्याचा वर्ख चढवण्याआधी खाली 'आर्मेनियन बोल'चा तांबडा हात देत, म्हणजे सोनं पांढुरकं न दिसता उबदार दिसतं. झाडाच्या बुंध्याचा 'बोल' मात्र या घरातला नव्हेच, तो जुन्या नॉर्स भाषेतून आलेला, नुसता आडनावबंधू. आणि आपल्याकडे? अंगावर पित्त उठलं की आजी सोनकाव उगाळून लावायची. तुळशीवृंदावनाला दिवाळीआधी गेरू. गोव्यात, सिंधुदुर्गात देवळांच्या भिंतींवर कावीची नक्षी. कुठेही जा, माणसानं तांबडी माती आधी अंगाला आणि भिंतीला लावली, मग तिच्यावर शास्त्र केलं.

हे सगळं मी त्या सकाळी अभियंत्यांना ऐकवलंही. ते म्हणाले, "ते ठीक, पण तुम्ही साइटवर या. ठेकेदार पण येतोय. त्याचं वेगळंच आहे."

त्याचं वेगळं म्हणजे दर. खोदाईचे पैसे मातीला एक, मुरमाला एक, मऊ खडकाला एक आणि कठीण खडकाला त्याहून कितीतरी जास्त. माझ्या लॉगात रेड बोल, म्हणजे मऊ. सांडव्याच्या शेवटाशी खड्डा घेतला तेव्हा तोच थर लागला, आणि ठेकेदार म्हणत होता की आम्हाला खडक फोडायचा ब्रेकर लावावा लागला, तर कठीणचा दर द्या. अशी भांडणं मला नवीन नाहीत. ठेकेदाराला सगळीकडे कठीण खडक दिसतो आणि खात्याला सगळीकडे मुरूम. मी गाडीत बसले ती बाजू घ्यायची तयारी करूनच: माझ्या लॉगची.

आता लॉग म्हणजे काय ते सांगायला हवं, कारण इथेच माझी मान अडकलेली आहे.

आमचं बोअर म्हणजे पाण्याचं नव्हे. पाण्याच्या बोअरला दगडाचा भुगा होऊन वर येतो. आमच्याकडे हिऱ्याच्या दातांची पोकळ कडी फिरते आणि आतून ५४ मिलिमीटर जाडीचा दगडाचा दांडा शाबूत निघतो, तो कोअर. दीड-दीड मीटरच्या फेऱ्यांनी तो काढायचा आणि लाकडी पेटीच्या खाचांत ओळीनं मांडायचा, पुस्तकाच्या ओळीसारखा. चांगला ड्रिलर असेल तर त्याच्या पेटीवरून हात फिरवताना मला शाळेतल्या सुवाच्य वहीची आठवण होते. पण ड्रिलरला पैसे मीटरवर मिळतात, कोअरवर नाही. मऊ थर आला की तो पाण्याचा दाब वाढवतो, माती धुऊन जाते आणि पेटीत येतं काय, तर वरचा काळा दगड, खालचा भोकाळ दगड आणि मधे रिकामी खाच. त्या रिकाम्या खाचेत काय होतं ते ओळखणं हीच खरी विद्या. कोअरच्या तुकड्यांची टोकं गोल झिजलेली आहेत का? म्हणजे ते एकमेकांवर घासत फिरले, मधलं काही गेलं. परतीचं, म्हणजे ड्रिलिंगला सोडलेलं आणि बोअरमधून वर येणारं पाणी कुठल्या खोलीला लाल झालं? हे विचारावं तर ड्रिलरच्या नोंदवहीत सगळीकडे एकच शब्द, 'राखी'. मी साइटवर पोचेपर्यंत पेट्या आठवडाभर उन्हापावसात पडलेल्या, एकीवर चुलीची राख, दुसरी जेवताना बसायला घेतलेली. हे मी पंचवीस वर्षं बघतेय आणि पंचवीस वर्षं अहवालात 'पेट्या सावलीत ठेवाव्यात' असं लिहितेय.

बोअर ४ची ती फेरी, ११ ते १२.५० मीटर. दीड मीटरमधला ९५ सेंटिमीटर कोअर मिळालेला. वर ४० काळा, खाली २५ भोकाळ, मधे ३० सेंटिमीटर तांबडे तुकडे. ५५ सेंटिमीटर गायब. मी काय केलं? काळ्याच्या आणि भोकाळच्या मधे जे काही आहे ते तांबडं, म्हणून ८५ सेंटिमीटर रेड बोल. सही. दुसरी पेटी.

साइटवर सहा-सात माणसं. शाखा अभियंते, ठेकेदार, त्याचा मुकादम, झाडाचा अर्जदार आणि त्याचे चुलते तात्या, ज्यांनी आयुष्यभर विहिरी खणल्या आणि आता गुडघ्यांनी दगा दिल्यामुळे नुसते सल्ले देतात. मी आधी अर्जदाराला समजावलं की ते झाड नव्हे, तांबडा थर आहे, छापण्यात गफलत झाली. त्याचा चेहरा पडला. "मंजी त्येचं काय न्हाईच का मिळणार?" मला हसू आलं नाही या वेळी. पूर्ण गटाचा मोबदला किती आला असेल याचा मला अंदाज होता.

मग आम्ही खड्ड्यात उतरलो. तांबडा पट्टा समोर. मी सवयीनं म्हणाले, "हा बघा रेड बोल. आपला गेरू."

तात्या काठावरूनच म्हणाले, "बाई, एक खडा द्या हिकडं."

दिला. त्यांनी तो तळहातावर घासला. उलटा करून परत घासला. तळहात माझ्यासमोर धरला. स्वच्छ.

"गेरू हाताला लागतो. ह्यो लागत न्हाई. ह्यो गेरू न्हवं."

मी हातोडी मारली. गेरू हातोडीखाली दबतो, आवाज बद्द येतो. इथे टणक आवाज आला आणि चकाकत्या कडेची कपची उडाली. ठेकेदार माझ्याकडे बघून हसला नाही, हे त्याचं मोठेपण. मुकादमानं मात्र लगेच कुणालातरी फोन लावला.

चहावाल्याकडून काचेचा ग्लास मागवला, पाणी घालून खडा टाकला. खरा बोल असता तर पाच-दहा मिनिटांत फुगून ग्लासाच्या तळाशी लाल चिखल झाला असता. फुगणारी चिकणमाती असते त्यात. आम्ही सगळे ग्लासाभोवती उभे, ज्योतिषाकडे उभे राहतात तसे. चहा झाला, दुसरा झाला. खडा तसाच.

तो टॅकिलाइटसारखा होता. लाव्हाचा माथा झटकन थंड होऊन काचेसारखा गोठला की होतो तो. पुढे लोह गंजून तांबडा पडतो आणि तोही नेमका दोन थरांच्या सांध्यात बसलेला सापडतो. लांबून बोलचा जुळा भाऊ. एका वाक्यात सांगायचं तर ठेकेदाराचं म्हणणं बरोबर होतं आणि माझा लॉग चूक.

पण तात्यांचं संपलं नव्हतं. "दगड कठीन हाय, पर भरवशाचा न्हाई. विहिरीच्या काठाला टाकला का दिवाळीपत्तोर त्याची आपसूक खडी हुती."

हेच खरं दुखणं. माती असती तर प्रश्न सोपा. सांडव्याचं पाणी खाली पडतं तिथे मऊ पट्टा उघडा राहिला तर पाणी तो कोरतं, वरचा काळा दगड अधांतरी राहतो, कोसळतो, आणि धबधबा एकेक पाऊल धरणाकडे सरकतो. त्यावर उपाय ठरलेला आहे. दंतवैद्य कीड काढून सिमेंट भरतो तसा पट्टा आत कोरून काढायचा आणि काँक्रीट भरायचं. आमच्या बोलीत त्याला खरोखरच 'डेंटल ट्रीटमेंट' म्हणतात. पण हा दगड खोदताना ब्रेकर मागतो आणि उघडा पडला, ओला-सुका झाला की चिरफाळतो. म्हणजे खोदाईला कठीण, भरवशाला मऊ. खोदल्या दिवशीच झाकायला हवा. दरपत्रकात अशा दगडाला रकाना नाही.

अभियंत्यांनी मला बाजूला घेतलं. "मॅडम, लॉग बदलला तर मागचं बिल, पुढचं बिल, ऑडिट, सगळंच उघडावं लागेल. रेड बोलच राहू दे ना. तसंही तांबडंच आहे."

तसंही तांबडंच आहे. माझं पंचवीस वर्षांचं काम त्यांनी तीन शब्दांत सांगितलं, त्यांना माहीत नसताना.

कारण मी तरी काय करत होते? 'बोल' हा आमचा शब्द दगड सांगत नाही, जागा सांगतो. दोन थरांच्या मधलं तांबडं काहीतरी. ते लाव्हा थांबल्यावर साठलेली माती असेल, उडून आलेली राख असेल, खालच्या थराचा कुजलेला माथा असेल, वरून आलेल्या तप्त लाव्हानं भाजलेलं असेल. शास्त्रज्ञ यावर अजून भांडतात. २०१५मध्ये प्रिन्स्टन विद्यापीठाच्या गटानं अशाच तांबड्या पट्ट्यांतून झिरकॉन या खनिजाचे सूक्ष्म स्फटिक वेचले आणि त्यातल्या युरेनियमच्या घड्याळावरून दख्खनचे उद्रेक कधी झाले ते मोजलं. डायनोसॉर कशानं गेले या वादाला त्यातून धार आली. एवढं ज्या पट्ट्यात लिहिलेलं आहे तिथे मी दोन शब्द टाकून पुढे जात होते. तात्यांचा 'गेरू' माझ्या 'बोल'पेक्षा काटेकोर होता. त्याला परीक्षा होती, हाताला लागला पाहिजे. माझ्या शब्दाला परीक्षा नव्हती.

मी लॉग बदलला. बोअर ४ आणि, खरं तर नाइलाजानं, ६ आणि ७ सुद्धा, कारण तिथेही मी रिकाम्या खाचा त्याच शब्दानं भरल्या होत्या. बोअर ४ला आता लिहिलंय: 'तांबडा काचमय बेसॉल्ट, ३० सेंमी, उरलेला कोअर मिळाला नाही.' न मिळालेला भाग न मिळालेला म्हणून लिहायला इतकी वर्षं का लागली, याचं उत्तर माझ्याकडे आहे, पण ते कौतुकाचं नाही. रिकामी जागा दाखवली की लोक विचारतात, मग तुम्हाला पैसे कशाचे दिले?

कार्यालय माझ्यावर नाराज आहे. ठेकेदारानं दिवाळीच्या आधीच काजूकतलीचा डबा पाठवला, तो मी परत केला, त्यामुळे तोही नाराज. अनुवाद करणाऱ्या मुलाला मी फोन करून माफी मागितली. त्याच्या बुंध्यावर मी चार ठिकाणी विनोद केले होते. तो म्हणाला, "मॅडम, मग मराठीत काय लिहू? बोलच लिहू का?" मी म्हटलं, लिहू नकोस. मराठीत बोल लावतात तो दुसऱ्याला. आधी मला विचार, मी हातावर घासून सांगते.

तो खडा मी घरी आणलाय. स्वयंपाकघराच्या खिडकीत, काचेच्या बरणीच्या झाकणात. पहिले दहा-बारा दिवस काही नाही. मग एक केसाएवढी रेघ. नवऱ्याला वाटलं मी पाडला. काल सकाळी चहा गाळताना पाहिलं तर त्याचे पाच तुकडे झालेले, कुणी हात न लावता. दिवाळी अजून तीन आठवड्यांवर आहे.